काळ्या मातीत उन्हाळी पालेभाजी: वाफा तयार करण्याची रीत

विदर्भात आणि मराठवाड्यात मार्च सरता सरता दुपारचा पारा ४० अंशांच्या आसपास जातो आणि मे महिन्यात अकोला, नागपूर, चंद्रपूर या भागांत तो ४५ अंशांपलीकडेही पोहोचतो. याच दिवसांत बाजारातली पालेभाजी महाग होते आणि मिळते तीही बहुधा माना टाकलेली असते. त्यामुळे घरामागे थोडी मोकळी जागा असलेल्या माणसाला आपणच चार मुठी बी टाकावे असे वाटणे अगदी साहजिक आहे. बी टाकले जाते, पाणीही रोज दिले जाते, पण रोपे करंगळीएवढी होण्याआधीच कोमेजतात आणि सगळा दोष बियाण्यावर ढकलला जातो. माझ्या पाहण्यात मात्र दहापैकी आठ वेळा बियाणे चांगले असते आणि उणीव मातीच्या तयारीत राहिलेली असते. पालेभाज्यांची मुळे उथळ असतात, त्यांचा बहुतेक कारभार वरच्या वीतभर थरातच चालतो, आणि उन्हाळ्यात सर्वांत आधी तापणारा व वाळणारा थरही तोच असतो. म्हणून उष्ण प्रदेशात वाफा तयार करताना खताच्या आधी पाण्याचा आणि गारव्याचा विचार करावा लागतो: पाणी मातीत सहज मुरावे, मुरलेले टिकावे, आणि मुळांभोवतीची जागा दुपारीही सोसवेल इतपत थंड राहावी.

हा लेख प्रथमच परसबाग करणाऱ्यांसाठी आहे. उदाहरणासाठी ४ मीटर रुंद आणि ३ मीटर लांब अशी जागा धरली आहे. तीत १ मीटर रुंदीचे तीन वाफे आणि त्यांच्यामध्ये अर्ध्या मीटरच्या दोन पायवाटा नेमक्या बसतात. वाफा १ मीटरहून फारसा रुंद करू नये, कारण दोन्ही बाजूंनी हात मध्यापर्यंत पोहोचला पाहिजे. एकदा तयार केलेल्या वाफ्यात पुन्हा पाय पडू द्यायचा नाही, हा नियम पहिल्या दिवसापासून पाळावा.

जागा आणि वेळ

एप्रिल-मे महिन्यांत ताटात भाजी हवी असेल तर मातीचे काम जानेवारीच्या अखेरीस किंवा फेब्रुवारीच्या सुरुवातीला हाती घ्यावे. मातीत मिसळलेल्या खताला मुरायला आणि उगवलेल्या तणाचा बंदोबस्त करायला तीन-चार आठवडे हवेतच. शिवाय भर उन्हात कुदळ चालवणे आपल्या प्रकृतीलाही मानवत नाही.

जागा निवडताना सकाळचे चार-पाच तास ऊन आणि दुपारी दोननंतर सावली मिळेल अशी घराची पूर्वेकडची बाजू मिळाली तर फार उत्तम. पूर्ण दिवस ऊन असलेली जागाच उपलब्ध असेल तर पश्चिमेला शेवगा किंवा पपई लावून पुढच्या वर्षीची सोय करावी आणि या वर्षापुरती ५० टक्के सावली देणारी हिरवी जाळी बांधावी. मोठ्या कडुनिंबाखाली किंवा चिंचेखाली सावली मिळते, पण त्यांची मुळे वाफ्यातले पाणी ओढून घेतात, म्हणून अशा झाडाच्या घेरापासून दूर राहिलेले बरे. घर नुकतेच बांधले असेल तर जिथे सिमेंट, चुना आणि विटांचा भुगा पडला होता ती जागा टाळावी. आपली काळी माती मुळातच अल्कधर्मी असते, त्यात हा राडारोडा मिसळला की तिचा सामू, म्हणजे आम्ल-अल्कता दाखवणारा पीएच, आणखी वर जातो. सांडपाण्याची नाली आणि वाहता रस्ता यांच्या लगतची जागाही पालेभाजीसाठी निवडू नये. शिसे आणि कॅडमियमसारखे जड धातू पालेभाज्यांच्या पानांत इतर अनेक भाज्यांपेक्षा अधिक साठतात, आणि ते धुऊन निघत नाहीत.

आपली माती ओळखणे

दख्खनच्या पठारावरची काळी माती बेसाल्ट खडकाच्या झिजेतून तयार झाली आहे. तिच्यात चिकणमातीचे प्रमाण मोठे असते आणि त्या चिकणमातीचे कण पाणी पिऊन फुगतात, वाळल्यावर आकसतात. उन्हाळ्यात शेतात हात जाईल एवढ्या भेगा पडतात त्या यामुळेच. परसातही हेच घडते आणि त्या भेगा कोवळी मुळे अक्षरशः तोडतात. ही माती पाणी भरपूर धरून ठेवते हे खरे, पण त्यातला बराच भाग ती इतका घट्ट धरते की मुळांना तो ओढता येत नाही. तिचा सामू बहुधा ७.५ ते ८.५ च्या दरम्यान असतो, तिच्यात चुनखडी असते, आणि सेंद्रिय कर्ब, नत्र, जस्त व उपलब्ध लोह यांची तिला अनेकदा उणीव असते.

परसातली माती नेमकी कशी आहे हे हातानेच बरेचसे कळते. मूठभर माती घ्यावी, तीतले खडे काढावेत, थोडे थोडे पाणी घालून कणकेसारखी मळावी आणि अंगठा व तर्जनी यांच्यामध्ये दाबत तिची पट्टी काढावी. पट्टी दोन इंचांहून लांब निघाली आणि गुळगुळीत लागली तर माती भारी आहे. इंचभरातच तुटली तर मध्यम, आणि पट्टी निघालीच नाही, हाताला नुसती खरखर लागली, तर ती हलकी किंवा मुरमाड आहे. याच वेळी एक वीतभर रुंद आणि हातभर खोल खड्डा खणून तो पाण्याने काठोकाठ भरावा. पाणी जिरल्यावर पुन्हा भरावा आणि दुसऱ्यांदा भरलेले पाणी किती वेळात जिरते ते पाहावे. दुसऱ्या दिवशी सकाळीही खड्ड्यात पाणी उभे असेल तर त्या जागेचा निचरा वाईट आहे आणि तिथे सेंद्रिय खताची मात्रा वाढवावी लागेल.

त्याच्या जोडीने एकदा माती परीक्षण करून घ्यावे, असा माझा आग्रह आहे. जागेच्या पाच-सहा ठिकाणी वरचा पालापाचोळा बाजूला करून १५ ते २० सेंटीमीटर खोल, इंग्रजी व्ही अक्षराच्या आकाराचा खड्डा घ्यावा आणि त्याच्या एका बाजूचा वरपासून खालपर्यंत सारख्या जाडीचा काप काढावा. सगळे काप स्वच्छ प्लॅस्टिकच्या घमेल्यात एकत्र करून, सावलीत वाळवून, ढीग करून त्याचे चार भाग करावेत, समोरासमोरचे दोन भाग टाकून द्यावेत आणि साधारण अर्धा किलो उरेपर्यंत हेच करत राहावे. नुकतेच खत घातलेली जागा किंवा उकिरड्याजवळची माती नमुन्यात घेऊ नये. अकोला, परभणी, राहुरी आणि दापोली येथील कृषी विद्यापीठांत, जिल्ह्याच्या मृद चाचणी प्रयोगशाळेत आणि अनेक कृषी विज्ञान केंद्रांत ही तपासणी होते. केंद्र सरकारच्या मृदा आरोग्य पत्रिका योजनेत, जी २०१५ मध्ये सुरू झाली, एकूण बारा घटक तपासले जातात. परसबागेसाठी त्यातले तीन आकडे आधी वाचावेत: सामू, विद्युत वाहकता आणि सेंद्रिय कर्ब. सेंद्रिय कर्ब ०.५ टक्क्याच्या खाली असेल तर तो कमी, आणि ०.७५ च्या वर असेल तर चांगला समजतात. विद्युत वाहकता १ डेसिसायमन प्रति मीटरच्या वर गेली असेल तर क्षार साचू लागले आहेत. सामू ८.५ च्या वर असेल तर माती चोपण, म्हणजे सोडियम वाढून घट्ट व निचरा न होणारी, होत चालल्याची शंका घ्यावी आणि प्रयोगशाळेने सांगितलेल्या मात्रेतच जिप्सम वापरावे, अंदाजाने नव्हे.

मातीइतकेच पाणीही ओळखावे. बोअरचे पाणी उकळल्यावर भांड्यात पांढरा थर धरत असेल आणि वाफ्याच्या कडेला उन्हाळ्यात पांढरी पावडर दिसत असेल, तर रोज थोडे थोडे पाणी शिंपडण्याची सवय सोडून द्यावी. अशा शिंपण्याने पाणी उडून जाते आणि क्षार तेवढे वरच्या थरात, म्हणजे नेमके मुळांपाशी, उरतात. त्याऐवजी पाणी अंतर देऊन पण भरपूर द्यावे, म्हणजे क्षार खाली उतरतात. अशा जागेत पहिल्या वर्षी देशी पालक लावणे शहाणपणाचे ठरते. आपला देशी पालक विलायती पालकाहून वेगळा, बीटाच्याच प्रजातीतला आहे आणि खारवटपणा बराच सोसतो.

वापसा येण्याची वाट पाहणे

या सगळ्या कामात नवख्या माणसाच्या हातून सर्वांत जास्त चुका इथे होतात, म्हणून थोडे सविस्तर लिहितो. काळी माती वाळलेली असताना खणली तर कुदळ टणकन उडते आणि दगडासारखी ढेकळे निघतात, जी पुढे महिनाभर फुटत नाहीत. ओली असताना खणली तर ती अवजाराला चिकटते, पायाखाली खुंदली जाते आणि तिचे गोळे उन्हात विटेसारखे वाळतात. या दोन अवस्थांच्या मधल्या, नेमक्या ओलाव्याच्या स्थितीला आपल्या शेतकऱ्यांनी वापसा हा अर्थगर्भ शब्द दिला आहे. मातीतल्या मोठ्या पोकळ्यांतले पाणी खाली उतरून तिथे हवा शिरलेली असते आणि बारीक पोकळ्यांत मात्र ओल शिल्लक असते, तेव्हा वापसा आला असे म्हणतात. भारी मातीत तो मोजके दिवसच टिकतो.

कोरड्या जागेला आधी वीतभर खोल ओल जाईल इतके पाणी द्यावे. एकदम पाणी सोडले तर ते भेगांतून सरळ खाली निघून जाते, म्हणून ते संथपणे, दोन-तीन टप्प्यांत द्यावे. त्यानंतर दुसऱ्या-तिसऱ्या दिवसापासून रोज सकाळी चार बोटे खोलीवरची माती मुठीत दाबून पाहावी. गोळा झाला आणि तो कमरेच्या उंचीवरून सोडल्यावर फुटून विखुरला तर वापसा आला. गोळा तसाच राहिला किंवा चपटा झाला तर आणखी थांबावे, आणि गोळाच झाला नाही तर पुन्हा पाणी द्यावे. मातीत चालून पाहिल्यावर चपलेला ती चिकटत असेल तर त्या दिवशी काम करू नये. घाईने ओल्या मातीत कुदळ घातली की त्या वाफ्याचा पुढचा संपूर्ण हंगाम ढेकळांत जातो, हे मी स्वतः भोगले आहे.

वापसा आल्यावर २० ते २५ सेंटीमीटर खोल खणावे. त्याहून खोल जाण्याची पालेभाजीला गरज नाही, आणि खालची कच्ची, पिवळसर, चुनखडीची माती वर आणण्यात तोटाच आहे. खणताना हरळीच्या कांड्या आणि लव्हाळ्याच्या गाठी हाताने वेचून काढाव्यात. हरळीची कांडी कुदळीने तुटली की प्रत्येक तुकड्याचे नवे रोप होते, म्हणून ती ओढून, सलग काढावी. लव्हाळ्याच्या गाठी काळ्या, शेंगदाण्यापेक्षा लहान असतात आणि एकमेकींना धाग्यासारख्या मुळांनी जोडलेल्या असतात. एक सापडली की धागा धरून पुढची शोधावी. हे काम कंटाळवाणे आहे, पण पालेभाजीच्या दाट पेरलेल्या वाफ्यात नंतर खुरपे चालत नाही, त्यामुळे ते आत्ताच करावे लागते. खणलेली माती दोन-तीन दिवस उघडी ठेवावी आणि मग उरलेली ढेकळे फावड्याच्या पाठीने हलकेच फोडावीत.

खत कोणते आणि किती

काळ्या मातीचे चिकट कण मोकळे करून त्यांची रवाळ घडण करण्याचे काम सेंद्रिय पदार्थच करतात. कुजलेल्या खतातील चिकट द्रव्ये आणि त्यावर वाढणारे जिवाणू व बुरशी मातीच्या बारीक कणांना एकत्र बांधून त्यांचे लहान लहान दाणे करतात. दाण्यांच्या मधल्या जागेतून पाणी खाली मुरते, हवा खेळते आणि दाण्यांच्या आत ओल टिकते. म्हणून शेणखताकडे केवळ अन्नद्रव्यांचे पोते म्हणून पाहू नये. त्यात नत्र जेमतेम अर्धा टक्का असते, आणि त्यातलाही काही भागच पहिल्या हंगामात पिकाला मिळतो. मातीची घडण सुधारण्याचे त्याचे काम मात्र दुसऱ्या कशाने होत नाही.

पहिल्या वर्षी दर चौरस मीटरला ५ किलो पूर्ण कुजलेले शेणखत घालावे, म्हणजे आपल्या ३ चौरस मीटरच्या एका वाफ्याला १५ किलो. घरच्या सुक्या पालापाचोळ्याचे कंपोस्ट असेल तर तेही याच प्रमाणात चालेल. शेळ्या-मेंढ्यांचे लेंडीखत अधिक कसदार असते, ते निम्मे पुरते. त्याशिवाय दर चौरस मीटरला मूठ-दीड मूठ, म्हणजे १०० ते १५० ग्रॅम निंबोळी पेंड मिसळावी. तिच्यातून नत्र हळूहळू मिळते, आणि जमिनीतल्या सूत्रकृमींना (मुळांना लागणाऱ्या सूक्ष्म कृमींना) व वाळवीलाही काही प्रमाणात आळा बसतो. दुसऱ्या वर्षापासून दर हंगामाला चौरस मीटरला २ ते अडीच किलो शेणखत पुरेसे होते.

खत पूर्ण कुजले आहे की नाही हे नाकाने आणि हाताने तपासावे. कुजलेले खत काळपट, हलके आणि चुरा होणारे असते, त्याला पहिल्या पावसाच्या मातीसारखा वास येतो आणि ढिगात हात घातला तर गरम लागत नाही. कच्चे शेण मातीत कुजताना उष्णता देते, हुमणीला आणि वाळवीला बोलावते, आणि जनावरांनी खाल्लेल्या गवताचे बी जिवंत स्थितीत वाफ्यात आणते. सर्वांत गंभीर गोष्ट म्हणजे कोथिंबीर आणि कोवळी मेथी आपण कच्ची खातो. ताज्या शेणातील रोगजंतू पाण्याच्या शिंतोड्यांबरोबर पानांवर जाऊ शकतात. त्यामुळे ताजे शेण किंवा त्याची स्लरी उभ्या पालेभाजीला देऊ नये. जीवामृत (शेण, गोमूत्र, गूळ आणि बेसन आंबवून केलेले द्रावण) वापरायचे असेल तर ते मातीच्या तयारीच्या वेळी, पेरणीच्या बरेच दिवस आधी द्यावे, आणि ते खताची जागा घेते असा समज करून घेऊ नये.

आता काय घालू नये तेही सांगतो, कारण शेजारपाजारचे सल्ले बहुधा याच बाबतीत येतात. भारी मातीत दोन-चार घमेली वाळू घालून ती मोकळी होत नाही. चिकणमाती वाळूच्या कणांभोवती बसते आणि वाळल्यावर आणखी कठीण होते. चुलीतली राख आणि चुना कोकणातल्या आम्लधर्मी मातीला उपयोगी आहेत, पण आपल्या काळ्या मातीत त्यांनी सामू वाढतो आणि आधीच दुर्मीळ झालेले लोह व जस्त मुळांना आणखी दुरावते. लाकडाचा ताजा भुसा मातीत मिसळला तर तो कुजवण्यासाठी जिवाणू मातीतलेच नत्र वापरतात आणि रोपे पिवळी पडतात. युरियाचा मोहही आवरावा. पालक आणि माठ जास्तीचे नत्र पानांत नायट्रेटच्या रूपात साठवतात, आणि ते खाणाऱ्यासाठी चांगले नाही. पाने गर्द हिरवी व लुसलुशीत दिसली म्हणजे ती निकोप आहेत असे होत नाही.

ज्यांच्याकडे हलकी, मुरमाड जमीन आहे त्यांची अडचण उलटी असते. तिथे पाणी थांबतच नाही. त्यांनी शेणखताबरोबर तलावातला गाळ किंवा भारी काळी माती तीन-चार बोटे जाडीचा थर होईल इतकी मिसळावी. इथे मात्र ही भर खरोखर कामी येते.

वाफा उंच की सपाट

पुस्तकांत आणि चित्रफितींत वाफा नेहमी जमिनीपासून उंच, गादीसारखा दाखवलेला असतो. जास्त पावसाच्या ठिकाणी आणि आपल्याकडे पावसाळ्यात ते बरोबर आहे. उन्हाळ्यात मात्र गादीवाफा चारही बाजूंनी तापतो, त्याच्या कडा आधी वाळतात आणि पाणी बाजूच्या सरीत ओघळून जाते. कोरड्या, उष्ण दिवसांसाठी सपाट वाफाच करावा, किंबहुना तो पायवाटेपेक्षा दोन-तीन बोटे खाली असला तर अधिक चांगला. खणलेल्या मातीतूनच चारही कडांना वीतभर रुंद आणि चार-पाच बोटे उंच बांध घालावा. दंताळ्याने पृष्ठभाग समतल करावा, कारण एका कोपऱ्यात पाणी साचले तर तिथले बी कुजते आणि दुसऱ्या कोपऱ्यातले वाळते. समतलपणा पाहण्यासाठी वाफ्यात पाणी सोडून ते कुठे थांबते हे पाहण्याइतका सोपा उपाय दुसरा नाही.

हे पहिले पाणी आणखी एका कामाचे आहे. वाफा तयार झाल्यावर लगेच पेरू नये. पाणी द्यावे, आठ-दहा दिवस थांबावे, आणि वरच्या थरातले तणाचे बी उगवू द्यावे. उगवलेले तण दोन पानांवर असतानाच खुरप्याने वरच्या वर, बोटभर खोलीपर्यंतच खरवडून काढावे, खालची माती पुन्हा वर आणू नये. वेळ असेल तर हे दोनदा करावे. या पंधरवड्यात खतही मातीत मुरते आणि माती बसून तिची पातळी ठरते.

वरचा थर, पेरणी आणि आच्छादन

माठ, तांदुळजा आणि राजगिरा यांचे बी खसखशीएवढे असते. ते उगवताना मातीवर कडक पापुद्रा आला असेल तर कोंब तो फोडू शकत नाही, आणि काळ्या मातीवर पाणी वाळले की असा पापुद्रा येतोच. म्हणून पेरणीपूर्वी वाफ्याचा वरचा बोटभर थर चाळलेले गांडूळखत आणि तीच बारीक केलेली माती समप्रमाणात मिसळून तयार करावा. बारीक बी चौपट-पाचपट कोरड्या वाळूत मिसळून, वीतभर अंतराच्या उथळ ओळींत पेरावे, म्हणजे ते सारखे पडते. ते झाकण्यासाठी माती वापरूच नये, चाळलेले खत अर्ध्या सेंटीमीटरहून कमी जाडीने भुरभुरवावे. पालकाचे बी रात्रभर भिजवून बोटाच्या एका पेराएवढे खोल पेरावे. धणे चपलेने किंवा फळीने हलके रगडून त्याच्या दोन फाका कराव्यात आणि मगच भिजवावेत.

पेरणीनंतर ओल्या गोणपाटाने वाफा झाकावा आणि झारीने त्याच्यावरूनच पाणी द्यावे. गोणपाट रोज संध्याकाळी उचलून पाहावा, आणि पहिले कोंब दिसताच तो काढून टाकावा, कारण एक दिवसाचा उशीरही कोवळ्या कोंबांना लांबट आणि पांढुरके करतो. माठ उबेत तीन-चार दिवसांत उगवतो. इथे पिकाची निवडही लक्षात घ्यावी. माठ, तांदुळजा, राजगिरा, अंबाडी आणि घोळ या खऱ्या उन्हाळी भाज्या आहेत. देशी पालक सावलीच्या जाळीखाली बऱ्यापैकी येतो. मेथी आणि ज्याला आमच्या वऱ्हाडात सांभार म्हणतात ती कोथिंबीर मुळात थंडीची पिके आहेत. मातीची कितीही चांगली तयारी केली तरी एप्रिलनंतर ती लवकर फुलोऱ्यावर येतात, म्हणून त्यांना सर्वांत सावलीचा वाफा द्यावा आणि कोवळेपणीच उपटावे.

मे महिन्यात भर दुपारी उघड्या काळ्या मातीचा पृष्ठभाग ५० अंशांच्याही वर तापतो. तिथे गांडुळे खोल निघून जातात, जिवाणूंचे काम थंडावते आणि वरची मुळे होरपळतात. यावर आच्छादनासारखा उपाय नाही. रोपे चार बोटे उंच झाली आणि विरळणी करून घेतली की ओळींच्या मध्ये सोयाबीनचे किंवा गव्हाचे कुटार (मळणीनंतरचा भुसा), भाताचे तणस, उसाचे पाचट, जे मिळेल ते दोन ते तीन बोटे जाड पसरावे. खोडाला ते चिकटू देऊ नये. वाळवीचा उपद्रव असेल तर आच्छादन पातळ ठेवावे आणि दर आठवड्याला हलवावे, कोरड्या व न हललेल्या आच्छादनाखालीच वाळवी घर करते. आच्छादन हंगामाच्या शेवटी मातीत मिसळले की पुढच्या पिकासाठी तोच सेंद्रिय कर्ब होतो. चारा म्हणून विकत घेतलेल्या कुटारावर तणनाशक फवारलेले नाही ना, एवढे मात्र विचारून घ्यावे.

पाणी पहाटे किंवा सूर्यास्तानंतर द्यावे. आच्छादन बाजूला सारून बोट मातीत दोन पेरे खुपसावे. टोकाला ओल लागली तर त्या दिवशी पाणी नको. दुपारी पाने मलूल दिसली आणि संध्याकाळी आपोआप ताठ झाली तर ती तहान नसते, उन्हापासून केलेला बचाव असतो, अशा वेळी घाबरून पाणी ओतू नये.

पुढे नवीन पाने पिवळी पडून शिरा तेवढ्या हिरव्या राहिल्या, तर ती चुनखडीच्या मातीतली लोहाची कमतरता समजावी. १ लिटर पाण्यात ५ ग्रॅम हिराकस (फेरस सल्फेट) विरघळवून, संध्याकाळी पानांवर एकदा फवारावे आणि त्यानंतर निदान आठवडाभर तोडणी करू नये. जुनी, खालची पाने सरसकट पिवळी होत असतील तर नत्र कमी पडते आहे, तेव्हा प्रत्येक कापणीनंतर ओळीच्या कडेने मूठभर चाळलेले गांडूळखत द्यावे.

लाल माती असलेल्यांसाठी

रत्नागिरी, सिंधुदुर्ग आणि गोव्यातल्या जांभ्याच्या मातीला वरच्या काही गोष्टी जशाच्या तशा लागू पडत नाहीत. ती आम्लधर्मी आणि सच्छिद्र असते, पाणी व अन्नद्रव्ये दोन्ही भराभर खाली वाहून जातात, आणि हवा दमट असल्याने ऊन वऱ्हाडासारखे कोरडे भाजत नाही. तिथे खत एकदम न देता दोन-तीन हप्त्यांत द्यावे. सामू ५.५ च्या खाली असेल तर परीक्षणानुसार चुना घालावा, आणि चुना व शेणखत एकाच दिवशी मिसळू नये, मध्ये दोन-तीन आठवडे जाऊ द्यावेत. लाल माठ, ज्याला गोव्यात तांबडी भाजी म्हणतात, या मातीत थोड्या खतावरही सुरेख येतो.

रिकामा वाफा आणि मृगाची तयारी

तीनही वाफे एकदम पेरू नयेत. एक वाफा एप्रिल आणि मे महिन्यांत उन्हाने निर्जंतुक करण्यासाठी राखून ठेवावा. इस्राएलमधील संशोधकांनी १९७० च्या दशकात ही पद्धत शास्त्रीय रीतीने मांडली, आणि कडक उन्हाचे जे दोन महिने आपण शत्रू मानतो तेच इथे कामाला येतात. वाफा खणून, ढेकळे फोडून, समतल करून त्याला भरपूर पाणी द्यावे. दुसऱ्या दिवशी त्यावर पारदर्शक, पातळ पॉलिथिन मातीला चिकटून बसेल असे ताणून अंथरावे आणि चारही कडा मातीत गाडाव्यात. काळा प्लॅस्टिकचा कागद वापरू नये, कारण तो स्वतः तापतो आणि माती तुलनेने कमी तापते. चार ते सहा आठवड्यांत वरच्या थरातील तणाचे बहुतेक बी, सूत्रकृमी आणि रोप कोलमडवणाऱ्या बुरशी बऱ्याच प्रमाणात नष्ट होतात. लव्हाळ्याच्या खोल गाठी मात्र यातूनही वाचतात, म्हणून त्या आधीच वेचलेल्या बऱ्या. कागद काढल्यावर माती पुन्हा खोल खणू नये, नाहीतर खालचे जिवंत बी वर येते. वरच्या चार बोटांत गांडूळखत मिसळले की निघून गेलेले उपयोगी जिवाणू परत वस्तीला येतात.

उरलेल्या वाफ्यांपैकी एखादा मे अखेरीस थकलेला दिसत असेल तर त्यात बोरू किंवा धैंचा हे हिरवळीच्या खताचे पीक दाट पेरावे. ४०-४५ दिवसांत, फुले येण्याआधी, तो कापून तिथेच गाडावा आणि कुजायला दोन-तीन आठवडे द्यावेत.

जूनच्या पहिल्या आठवड्यात, मृगाच्या सरी येण्याआधी, सपाट वाफ्यांचे बांध मोडून तीच माती वाफ्यावर ओढावी आणि वीतभर उंचीचे गादीवाफे करावेत. पायवाटांना उताराकडे किंचित ढाळ द्यावा आणि त्यांचे शेवट मोकळे ठेवावेत, म्हणजे पहिल्या मोठ्या पावसाचे पाणी वाफ्यात न थांबता बाहेर पडेल.